सुटत नाही की सुटणारच नाही? अडकलेल्या गेमचे अनुभव सांगा

माळ्यावरची_पेटी
गेल्या रविवारी माळा आवरायला काढला, आईचं म्हणणं उंदीर झालेत. उंदीर नव्हते, बाबांच्या बँकेतल्या जुन्या डायऱ्या होत्या. त्यातल्या एकीत पानोपानी नुसते आकडे. आधी वाटलं खाते क्रमांक, मग लक्षात आलं की हे फ्रीसेलचे डाव.

ज्यांना आठवत नसेल त्यांच्यासाठी, विंडोजमध्ये पत्त्यांचा फ्रीसेल असायचा, एफ थ्री दाबून डावाचा नंबर टाकता यायचा. बाबा सहकारी बँकेत होते, मिरजेजवळच्या शाखेत. १९९८ ला तिथे दोन कॉम्प्युटर आले, त्यातला एक बाबांच्या टेबलावर. माऊस धरायला ते फ्रीसेलवरच शिकले असं अजून सांगतात. जेवणाच्या सुट्टीत एक डाव, सुटला की डायरीत नंबर आणि पुढे बरोबरची खूण. दोनेकशे नंबर असतील. सगळ्यांपुढे खूण, एक सोडून. ११९८२. त्याच्यापुढे खुणेऐवजी तारखाच तारखा. पहिली नोव्हेंबर ९९ ची, शेवटची २००६ ची, निवृत्तीच्या आठवड्यातली.

पानाला टाचणीने एक चिठ्ठी लावलेली. "देशपांडे, हा सोडवून दाखवा. शिर्के." शिर्केकाका म्हणजे शेजारच्या काउंटरवरचे.

मी सहज तो नंबर शोधला तर तो डाव सुटतच नाही म्हणे! जगात कोणालाच नाही. बाबा आता सत्त्याहत्तरचे आहेत, रोज टॅबवर पत्ते खेळतात. सांगू का त्यांना?

तुम्हीही असे कशात अडकला असाल तर लिहा. आपल्यालाच जमत नाहीये की समोरच्याने मुद्दाम अडकवलंय हे न कळणं, ते मला फार ओळखीचं वाटलं.

पाऊणे_बारा
११९८२!!! काय आठवण काढलीत.
जुन्या विंडोजच्या फ्रीसेलमध्ये ३२,००० डाव होते. हेल्पमध्ये लिहिलेलं असायचं की प्रत्येक डाव जिंकता येतो असं मानलं जातं, पण सिद्ध झालेलं नाही. ते वाचून १९९४ मध्ये इंटरनेटवरच्या लोकांनी डाव वाटून घेतले, शंभर-शंभरचे गठ्ठे, शंभराच्या वर माणसं, आणि एकेक हाताने सोडवत बसले. ९५ पर्यंत सगळे सुटले, हा एकच राहिला. नंतर प्रोग्राम लावून सगळ्या शक्यता तपासल्या, नाहीच सुटत. पुढच्या विंडोजमध्ये डाव दहा लाख झाले, त्यातले फक्त ८ सुटत नाहीत.

पण ११९८२ मुद्दाम केलेला नाही हां. पत्ते पिसण्यात तसा आला एवढंच. मुद्दाम केलेले दोन वेगळे आहेत, नंबरात उणे १ किंवा उणे २ टाकलं की येतात. ते बघूनच कळतं की कोणीतरी खोडी काढलीये.

कोकम_विथ_सोडा
नका सांगू.

लिंबूटिंबू७१
सांगा सांगा. सात वर्षं माणूस स्वतःला कमी समजत होता की.

शेवटचा_डबा
लग्न हा पण न सुटणारा गेमच आहे, विंडोजच्या आधीपासून चालू

लिंबूटिंबू७१
आला बाई हा जोक. मी पाचव्या प्रतिसादाची वाट बघत होते, चौथ्यालाच आला.

ओटीवरचा_झोपाळा
ऑनलाइन नाही पण आता त्याचेही गेम निघालेत म्हणून लिहितो. आम्ही सगळी मावस-मामे-आत्ते मिळून अकरा पोरं मे महिन्यात राजापूरला मामाकडे. जेवणं झाली की मामा कोळशाने ओटीवर तीन चौकोन काढायचा, ही घरं, खाली तीन गोल, हा नळ, ही वीज, हा गॅस (राजापुरात तेव्हा गॅस कुठला, पण असो), प्रत्येक घराला तिन्ही जोडायचे आणि रेघ रेघेला लागता कामा नये. जो करेल त्याला पाच रुपये आणि काप्या फणसाचा पहिला गरा. आणि मामा आत जाऊन घोरायला लागायचा. आठ रेघा बसतात हो! नववीच अडते. प्रत्येकाला वाटायचं माझं झालंच होतं, ह्या बंड्याने पाय लावला. मारामाऱ्या व्हायच्या पण कुजबुजत, कारण मामा उठला तर पाच रुपये जातील.

इंजिनीअरिंगला दुसऱ्या वर्षी सरांनी फळ्यावर तेच चित्र काढलं आणि म्हणाले हे कागदावर अशक्य आहे, आता सिद्ध करू. मी भर वर्गात जोरात म्हणालो "मामाऽऽ". सरांना वाटलं त्यांनाच म्हणालो. पुढचं सेमिस्टर कसं गेलं ते विचारू नका.

मामा आता नाही. नाहीतर व्याजासकट पाच रुपये वसूल केले असते. त्याची दुपारची झोप मात्र आम्ही सहा-सात सुट्ट्या राखली.

किटलीभर_चहा
झोपाळा, कागदावर नाही सुटत पण कपावर सुटतं! कान असलेला कप घ्या. आठ रेघा कपाच्या अंगावर, नववी आडवी येईल तिथे ती कानावरून पुलासारखी न्यायची, आणि आडवी येणारी रेघ कानाच्या खालून जाऊ द्यायची. मी मुलाच्या मार्करने पांढऱ्या कपावर करून फ्रिजवर मांडून ठेवला होता. सासूबाईंनी तारेच्या घासणीने घासून स्वच्छ करून ठेवला, "किती ग डाग कपाला". चाळीस मिनिटांची मेहनत.

ओटीवरचा_झोपाळा
कपावर!! मामाकडे कानवाला कप एकच होता आणि तो त्याचाच.

घड्याळ_मागे
मी गुन्हेगार पक्षातला. कॉलेजला २००९ मध्ये मिनी प्रोजेक्ट म्हणून पंधरा ठोकळ्यांचा सरकवायचा गेम बनवला, जत्रेत मिळतो ना प्लॅस्टिकचा, १ ते १५ आणि एक घर रिकामं. मी शहाणपणा करून ठोकळे रँडम टाकले, चिठ्ठ्या काढल्यासारखे. दिसायला झकास. परीक्षेला बाहेरून आलेले सर, वय असेल पन्नास-पंचावन्न, म्हणाले बघू. पाच मिनिटं. दहा. बाकीच्या पोरांची लाईन दारापर्यंत. वीस मिनिटांनी वर बघून म्हणाले, "शेवटचे दोन उलटे राहतात". मी म्हणालो सर नीट खेळून बघा. (देवा.)

घरी येऊन शोधलं तेव्हा कळलं. असे रँडम मांडले तर निम्मे डाव कधीच सुटत नाहीत. सुटणारा गेम करायचा तर सुटलेल्यापासून सुरू करून उलटं सरकवत जायचं. कारण तसं सोपं आहे, प्रत्येक सरकवणी म्हणजे एका ठोकळ्याची आणि रिकाम्या घराची अदलाबदल, आणि रिकामं घर फिरून परत आपल्या कोपऱ्यात यायचं तर अदलाबदली सम संख्येतच होतात. १४ आणि १५ एवढेच उलटे असतील तर हवी विषम. झालं, संपला विषय. हे अमेरिकेत १८७९ मध्येच दोघांनी छापून सिद्ध केलं होतं.

आणि गंमत म्हणजे १८८० ला तिकडे ह्या खेळाचं वेड लागलं होतं, आणि पुढे सॅम लॉइड नावाच्या कोडीवाल्याने हेच १४-१५ उलटं कोडं सोडवणाऱ्याला हजार डॉलर जाहीर केले. सुटणारच नाही म्हटल्यावर हजार काय, लाख जाहीर करा. वर हा खेळ मीच शोधला म्हणून सांगायचा, मूळ शोध कॅनास्टोटा गावच्या पोस्टमास्तरचा, चॅपमन म्हणून.

झोपाळ्याचा मामा आणि हा लॉइड एकाच माळेचे मणी.

सरांनी मार्क बरे दिले. त्याचंच जास्त वाईट वाटतं.

ओटीवरचा_झोपाळा
मामाला काही बोलायचं नाही.

घड्याळ_मागे
बरं बरं. लॉइड एकटा.

कढी_उतू_गेली
मी पटकन लिहिते गॅसवर दूध आहे. लॉकडाऊनमध्ये रंगीत गोळ्या फोडायचा गेम लागला मला, नाव नको, सगळ्यांकडे आहे. एका लेव्हलला तीन आठवडे अडकले, म्हणजे रोज पाच लाइफ, प्रत्येक वेळी दोन नाहीतर तीन गोळ्या राहणार म्हणजे राहणार आणि मग खाली येणार पाच चाली अजून हव्यात का फक्त अमुक रुपये, मी पहिल्यांदा घेतल्या तेव्हा चाळीसच रुपये म्हटलं भाजीवाला पण एवढे जास्त लावतो, मग परत, मग परत, एके दिवशी नवऱ्याच्या मोबाईलवर मेसेज यायला लागले तो म्हणतो कार्ड हॅक झालं, बँकेत फोन लावतोय, मी स्वयंपाकघरातून ओरडले लावू नकोस!! ११४० रुपये. मग मी गेम उघडलाच नाही आठ दिवस, रागाने. नवव्या दिवशी उघडला, पहिल्या फटक्यात सुटला. आता सांगा हे नशीब की मुद्दाम? मला वाटतं त्यांना कळतं ही बाई आता जाणार. पुरावा काही नाही. दूध गेलंच

पाऊणे_बारा
कढी, त्यात अशक्य नसतं काही, शक्यता कमी ठेवलेली असते. अशक्य ठेवलं तर लोक सोडून जातात. जवळजवळ शक्य ठेवलं की पैसे देतात.

कढी_उतू_गेली
ते मला आता सांगून काय उपयोग

साताबाऱ्याचा_फेरा
खरा न सुटणारा गेम म्हणजे तो मी रोबोट नाही वाला. मागच्या महिन्यात एक सरकारी फॉर्म भरत होतो, नऊ खोकी, ट्रॅफिक सिग्नल असलेली निवडा. आता सिग्नलचा खांब धरायचा का नाही?? खांब धरला, चूक. खांब सोडला, चूक. मग आल्या सायकली. एका खोक्यात सायकलचं नुसतं हँडल. मी आणि माझा मेव्हणा दोघं मिळून हँडल म्हणजे सायकल का ह्यावर भांडलो. तेवढ्यात सेशन संपलं, फॉर्म पहिल्यापासून. शेवटी पोरीने दहा सेकंदात केलं.

निवांत_दुपार
खांब नाही धरायचा.

साताबाऱ्याचा_फेरा
मी नाही धरला तरी चूक आलं ना पण

खिडकीतली_सीट
धरायचा. मी नेहमी धरते.
(विषयावर लिहायचं होतं पण कुर्ला आलं, नंतर.)

मोडी_मास्तर
मी गणिताचा निवृत्त शिक्षक. आमच्या कुटुंबाच्या ग्रुपवर पुतण्याने एक फळांचं कोडं टाकलं. सफरचंद भागिले केळं-अननसाची बेरीज, त्यात केळं भागिले बाकीच्या दोघांची बेरीज, त्यात अननस भागिले बाकीच्या दोघांची बेरीज, सगळं मिळून ४. तिन्हींच्या धन पूर्णांक किमती काढा. वर ठळक अक्षरात, ९५ टक्के लोकांना जमत नाही. ग्रुपवर सगळे म्हणाले काका करतील. झालं, काकांची इज्जत पणाला.

शनिवारी रात्री बसलो. रविवारी सकाळी पाठकोरे कागद संपले. दुपारी सौ. म्हणाली जेवताय की फळंच खाताय. एक किंमत ऋण घेतली की उत्तर येतं, उदाहरणार्थ ११, ४ आणि उणे १, करून बघा, बरोब्बर ४. पण धन हवेत. संध्याकाळी शरण गेलो आणि पुतण्याला फोन केला. तो हसतोय. लहानात लहान उत्तर म्हणजे ऐंशीच्या आसपास अंकी संख्या! एकेका फळाची किंमत लिहायला पोस्टकार्ड पुरणार नाही. विवृत्तीय वक्र म्हणून उच्च गणितातला प्रकार आहे, तो आत दडवून वरून फळं लावलेली. कोणीतरी मुद्दामच सोप्याचं सोंग दिलेलं.

म्हणजे हे अशक्य नव्हे, पण पाठकोऱ्या कागदावर अशक्यच. मी ग्रुपवर फक्त "११, ४, -१. धन उत्तर गृहपाठ म्हणून सोडत आहे" असं लिहिलं.

लिंबूटिंबू७१
मास्तर __/\__ गृहपाठ म्हणून सोडत आहे!! हे मी ऑफिसात वापरणार.

निवांत_दुपार
११/३ + ४/१० - १/१५... करून बघितलं. येतंय की ४.

तिखट_मीठ_जास्त
उलटी केस सांगू का. हॉस्टेलला एक फ्लॅशवाला जपानी गेम फिरत होता, नदी पार करायची, आई, बाप, दोन पोरी, दोन पोरं, एक पोलीस आणि एक चोर. बोटीत दोघंच, बोट मोठ्यांपैकीच कोणी चालवणार, म्हणजे आई, बाप नाहीतर पोलीस. बाप नसला की आई पोरांना मारते, आई नसली की बाप पोरींना मारतो (काय ते घर), पोलीस नसला की चोर सगळ्यांना. आमच्या विंगमध्ये ठरलं की हे फेक आहे, सुटतच नाही, व्हायरस टाकायला पाठवलंय. मी पण शपथेवर सांगायचो. एक दिवस मेसचा पोरगा, नववीतून शाळा सुटलेला, ताटं उचलायला आला आणि माझ्या मागे उभा राहून म्हणाला, दादा चोराला परत आणा ना. म्हटलं गप रे. म्हणाला आणून तर बघा. १७ फेऱ्यांत सुटलं. तेव्हापासून मी "हे अशक्य आहे" म्हणायच्या आधी दोनदा थांबतो. म्हणजे थांबत नाही, पण तो पोरगा आठवतो.

घड्याळ_मागे
कुठे असतो आता तो?

तिखट_मीठ_जास्त
माहीत नाही रे. नाव पण चंदू की चंद्या एवढंच.

वरचा_मजला_२बी
माइनस्वीपर कोणीच कसं काढलं नाही? एक्स्पर्टला ९९ बॉम्ब, ९७ काढले की शेवटी दोन दोन खोकी राहतात आणि कुठूनही मोजा फिफ्टी फिफ्टी. पहिला क्लिक फुटू देत नाहीत हे लोक, मग शेवटचा का फुटू देतात? मी तिथे डोळे मिटून आजीचं नाव घेतो. आजीचा स्ट्राइक रेट वाईट आहे.

आमची_चिंगी
माझी सात वर्षांची लेक आणि माझी आई. मोबाईलवर जाहिरात येते ना, राजा अडकलाय, वरून लाव्हा, खिळा ओढायचा, आणि तो माणूस बरोब्बर चुकीचा खिळा ओढतो. आई दर वेळी कळवळते "अरे डावीकडचा!" लेक म्हणते, "आजी, तो मुद्दाम हरतो. म्हणजे तुला वाटतं मी जिंकीन." आई म्हणाली म्हणजे आमच्या शेजारच्या वहिनीसारखंच, मुद्दाम भाजी बिघडवायची.

बाण_उजवीकडे
मुद्दाम छळणारे गेम मला आवडतात खरं तर, कारण ते कबूल करतात. वर्डल, म्हणजे पाच अक्षरी इंग्रजी शब्द ओळखायचा गेम, त्याचा एक दुष्ट भाऊ आहे, ॲब्सर्डल. त्यात शब्द ठरलेलाच नसतो, तुम्ही अंदाज लावला की तो बघतो कुठलं उत्तर दिलं तर तुम्हाला कमीत कमी कळेल, आणि सरकतो. तरी चार अंदाजांत हरवता येतं त्याला. आणि बॅस्टेट म्हणून टेट्रिस आहे, तो तुम्हाला नको असलेला तुकडाच शोधून देतो. तसं साधं टेट्रिस पण शेवटी हरवतंच. हायडी बर्गील म्हणून गणितज्ञ आहेत, त्यांनी १९९७ मध्ये दाखवलं की ते दोन वाकडे तुकडे, एस आणि झेड, आलटून पालटून येत राहिले तर कितीही हुशार खेळा, डाव संपतोच. आणि रँडममध्ये कधी ना कधी तशी रांग येणारच.

हे कळल्यावर मी बायकोला म्हणालो बघ माझी चूक नव्हती. ती म्हणाली तू आठव्या लेव्हलला मरायचास.

कढी_उतू_गेली
माझ्या नवऱ्याने पोराचा रुबिक क्यूब सुरीने खोलून परत जोडला होता, सरप्राइज म्हणून. पोरगं आठवडाभर रडकुंडीला. क्लासच्या सरांनी सांगितलं खोलून कसाही जोडला तर बारात एकदाच सुटणारा होतो. नवरा म्हणतो मग एक चान्स होता ना. ह्याच माणसाला ११४० रुपये हॅक वाटले होते.

कोकम_विथ_सोडा
पेटीताई, बाबांचं काय झालं? सांगितलंत का?

शेवटचा_डबा
हो ना आम्ही इथे खांब धरायचा का नाही करत बसलोय

साताबाऱ्याचा_फेरा
नाही धरायचा हे फायनल झालं का?

माळ्यावरची_पेटी
सांगितलं काल. जेवणं झाल्यावर टॅबवर सगळं दाखवलं, ३२,००० आणि गठ्ठे आणि सगळं. मला वाटलं एकतर चिडतील नाहीतर हसतील. ते म्हणाले, "शिर्क्याला माहीत होतं का?"

बाकी कशाशी देणंघेणं नाही, तेवढंच. परत परत तेच. मी म्हटलं बाबा विचारा की. नंबर जुन्या फोनच्या डायरीत होता, बंद. मग बँकेतल्या एका काकूंकडून मुलाचा मिळाला, काका आता नाशिकला असतात. आज सकाळी फोन लागला. पहिली वीस मिनिटं पेन्शन आणि गुडघे. मी खुणा करतेय, विचारा. शेवटी विचारलं.

शिर्केकाका म्हणाले, अरे मला तो दोन महिने सुटत नव्हता, म्हटलं देशपांड्याला सुटेल, तुझी ती डायरी बघायचो ना मी. त्यांना तो नंबर दिला होता त्यांच्या मेव्हण्याने. तो मंत्रालयात होता, त्याच्याकडे कॉम्प्युटर लवकर आला. मेव्हण्याला माहीत होतं का, तर तो जाऊन नऊ वर्षं झाली.

बाबा म्हणाले तो खोडकर होता का रे? शिर्केकाका म्हणाले होता खरा, पण पत्त्यांत नाही.

फोन ठेवल्यावर बाबांनी डायरी मागितली आणि ११९८२ च्या पुढे पेनने आजची तारीख टाकली. मी विचारलं आज कुठे खेळलात? म्हणाले, "नाही खेळलो. शिर्क्या बोलला आज."

लिंबूटिंबू७१
बाबांना नमस्कार सांगा ग.

पाऊणे_बारा
त्यांना १४६६९२ द्या खेळायला, न सुटणाऱ्या त्या आठांतलाच. नको, राहू द्या.

किटलीभर_चहा
झोपाळा, तुमच्यासाठी परत केला कप. ह्या वेळी ऑइल पेंटने. सासूबाई आठ दिवस लेकीकडे गेल्यात.

खिडकीतली_सीट
आता बसायला जागा मिळाली. विषय काय होता?